कोर्टाच्या टेबलावरची कडी

मित्रांनो, मी कडी. दाराची, लोखंडाची, जुनी. आम्हा वस्तूंनी आपली कहाणी नम्रपणे सांगावी अशी तुमची अपेक्षा असते. "मी तुमच्या किती उपयोगी पडले, आता मला अडगळीत टाकू नका," असे म्हणून डोळे पुसावेत. मला ते जमायचे नाही. मी संतापलेली आहे. लोखंड लाल असते तेव्हाच त्याला आकार येतो, असे मला घडवणारा लोहार म्हणायचा. तेव्हा मला लाल असतानाच बोलू द्या.

त्या लोहाराने मला मनापासून घडवले. वीतभर लांबीचा गोल दांडा, त्याला धरायला एक मूठ आणि दांडा इकडेतिकडे पळू नये म्हणून दोन पट्ट्या, एवढाच माझा संसार. वर सारले की चौकटीच्या भोकात जाऊन बसायचे, खाली ओढले की बाहेर यायचे. एवढे साधे काम. देवाने मला जीभ दिली नाही, आणि मला तिची गरज कधी वाटली नव्हती.

एका सुताराने मला शाळेचे गणवेश शिवायच्या कारखान्यात नेले. मित्रांनो, तुमच्या अंगातला सदरा कदाचित तिथूनच आला असेल. पुढे शिलाई मशिनांचे मोठे दालन, मागे कापडाच्या गठ्ठ्यांची खोली. त्या खोलीच्या दाराला आतून मला बसवायचे होते. सुताराने दाराच्या मध्यावर पटाशी लावून पाहिली, तर लाकडाचा भुसा पडला.

"मालक, हे लाकूड ओल लागून कुजलंय. इथे स्क्रू धरायचा नाही. पार वर ठोकतो," तो म्हणाला.

"ठोक की! दार बंद झाल्याशी मतलब," मालक म्हणाला.

अशी मी दाराच्या अगदी वरच्या टोकाला गेले. पुढे दार बिजागरीतून खाली बसले. मग माझा दांडा भोकात घट्ट अडकू लागला. मला उघडायचे तर एका हाताने अख्खे दार वर उचलून धरायचे आणि दुसऱ्या हाताने मला ओढायचे. कारखान्यातल्या बायका मला हसायच्या. "ही कडी म्हणजे खाष्ट सासू आहे बाई, दोन्ही हात जोडल्याशिवाय ऐकत नाही!" त्यांचा हात टाचा उचलूनही माझ्यापर्यंत जेमतेम पोचायचा. खोलीत काही काम असले तर त्या दाराला कापडाचा गठ्ठा टेकवून ठेवायच्या. मला एका हाताच्या झटक्यात सहज उघडझाप करणारा एकच माणूस होता, कटिंगमास्तर. उंच, रुंद खांद्यांचा. कापड बेतून कापण्यात त्याचा हात कोणी धरू शकत नसे, आणि म्हणून त्याला कोणी काही बोलतही नसे.

बायकांत वडीलधारी होती काजामावशी. काजे करण्यात तिचे आयुष्य गेले, म्हणून हे नाव. मशिनांच्या घरघरीत ती देवाची पदे म्हणायची. स्वतःच जुळवलेली, साधीसुधी:

दार तुझे उघडे देवा, कडी माझ्या मनाला,
हाक मारते उंबऱ्यातुनी, ऐकू जाते कुणाला?

मला वाटायचे, मावशी माझेच गुण गाते आहे. लोखंडालाही अभिमान असतो, मित्रांनो.

आणि तिथे एक धाकटी होती. वयाने सर्वांत लहान नव्हे, तिला घरी शाळेत जाणारी मुलगी होती. पण कारखान्यात सर्वांत शेवटी आली म्हणून सगळ्या तिला धाकटी म्हणत. कॉलर लावावी तर तिनेच. टोके अशी यायची, की मावशी म्हणायची, "अगं, पोरं शाळेत जातायत, लग्नाला नाही!" त्यावर धाकटी खळखळून हसायची.

एका दुपारी मास्तराने तिला अस्तराचे कापड आणायला त्या खोलीत पाठवले, आणि मागोमाग तो स्वतः आला. त्याने खांदा लावून दार उचलले आणि मला वर सारले. मी भोकात जाऊन बसले. मला तेच शिकवलेले होते.

त्याने तिच्यावर जबरदस्ती केली. याहून जास्त मी सांगणार नाही. ते सांगायचा हक्क तिचा आहे, आणि तिने तो बजावलाही. मी फक्त माझ्यापुरते सांगते. ती सुटून दाराशी आली. तिने हात वर केले. टाचा उचलल्या. तिची बोटे माझ्या मुठीला लागली, नखे दाराच्या फळीवर घासली गेली. पण दोन्ही हात वर गुंतलेले, मग दार उचलायला तिसरा हात कुठून आणायचा? ती ओरडली. पलीकडे सगळी मशिने चालू होती. मास्तराने तिला मागे खेचले.

पुढे त्यानेच मला उघडले, एका झटक्यात, आणि शर्ट खोचत निघून गेला.

धाकटी बाहेर आली, आपल्या मशिनवर बसली आणि उरलेल्या कॉलरी लावल्या. हो, लावल्या. हे लक्षात ठेवा, कारण याच कॉलरी पुढे तिच्या गळ्यात अडकवण्यात आल्या.

काही दिवसांनी काजामावशीने तिला त्याच खोलीच्या दाराशी थांबवले.

"काय गं, तुझे टाके वाकडे? तुझे?"

तेव्हा धाकटीने सांगितले. मावशीच्या हातातली कात्री खाली पडली. ती उचलता उचलता मावशी म्हणाली, "अगं, मग त्याच दिवशी का नाही बोललीस मला?"

"बोलले असते, तर तुम्ही पहिलं काय विचारलं असतं, मावशी?"

मावशी खोटे बोलणाऱ्यांतली नव्हती. म्हणाली, "विचारलं असतं, तू त्या खोलीत गेलीस कशाला."

"म्हणून," धाकटी म्हणाली.

मावशीने पदराने तोंड पुसले आणि धाकटीचा हात धरला. "चल. आज मी काही विचारत नाही. आज फक्त चालायचं." आणि दोघी पोलीस चौकीत गेल्या.

चौकीतून हवालदार आला. जागेची पाहणी झाली, दाराची आणि माझी उंची मोजून लिहिली गेली. हवालदाराने स्क्रू-ड्रायव्हर काढला. कोणीतरी विचारले, "दार नाही न्यायचं?" तो म्हणाला, "दार काय डोक्यावर घेऊन जाऊ? कडी पुरे." मला सोडवले, कापडात गुंडाळले, वर लाखेचे सील मारले. दार राहिले तिथे, मी गेले पिशवीत. मित्रांनो, यात कोणाचा वाईट हेतू नव्हता. पण पुढचा सगळा घोळ इथून सुरू झाला. डोळा काढून न्यायचा आणि चेहरा मागे ठेवायचा, मग विचारायचे, "सांग, हा डोळा कोणाकडे पाहत होता?"

खालच्या कोर्टात खटला चालला. तिथले न्यायाधीश बुटके, बारीक, सतत खोकणारे गृहस्थ होते. त्यांनी धाकटीला समोर पाहिले. मास्तराचा वकील तिला एकच प्रश्न दहा प्रकारे विचारत होता, आणि ती दहाही वेळा तेच उत्तर देत होती. कधी रडत, कधी चिडून, एकदा तर "अजून किती वेळा सांगू?" असे ओरडून. न्यायाधीशांनी ते ऐकले. मग ते उठले आणि म्हणाले, "मला ते दार पाहायचं आहे."

सगळी वरात कारखान्यात आली. सुताराकडून मला जुन्याच भोकांत बसवून घेतले. न्यायाधीश आत गेले, बाहेरून मास्तराच्या वकिलाला दार ओढून धरायला सांगितले, आतून एका उंच शिपायाने मला वर सारले. मग न्यायाधीशांनी स्वतः हात वर केले. टाचा उचलल्या. खोकले. पुन्हा टाचा उचलल्या. मी जागची हलले नाही. शेवटी शिपायालाच दार उघडावे लागले. बाहेर येऊन न्यायाधीशांनी कपाळावरचा घाम पुसला आणि जे घडले ते तसेच्या तसे लिहून घेतले. मास्तर दोषी ठरला. त्याला तुरुंगवासाची शिक्षा झाली.

मला वाटले, संपले. मी किती भोळी!

मास्तराने अपील केले. अपील म्हणजे वरच्या कोर्टाला सांगायचे, की खालचा निकाल चुकला, पुन्हा तपासा. तो त्याचा हक्क आहे, त्याबद्दल माझी तक्रार नाही. निरपराध माणूस आत जाऊ नये म्हणून ती सोय आहे. पण अपिलाचा निकाल लागेपर्यंत तो जामिनावर बाहेर होता. धाकटी बाजारात गेली, की समोरून तो यायचा आणि वाट न सोडता उभा राहायचा. तिने कारखाना बदलला, घर बदलले. मुलीला शाळेत कोणी काही बोलू नये म्हणून शाळा बदलली. शिक्षा झाली होती त्याला, आणि जागा बदलत होती ती! सांगा बरे, हा कुठला हिशेब?

त्या वर्षांत मी कोर्टाच्या मुद्देमालाच्या खोलीत पडून होते. खटल्यात जमा केलेल्या वस्तूंना मुद्देमाल म्हणतात. तिथला कारकून फार काळजीवाहू माणूस. सील उघडून झाले होते, म्हणून तो दर पावसाळ्यात मला बाहेर काढायचा, गंज पुसायचा, मशिनचे तेल घालायचा. "लोखंड खराब झालं तर साहेब मलाच विचारतील," म्हणायचा. मला किती बरे वाटायचे! नेहमीच्या कहाणीत इथे कारकुनाचे आभार मानायचे असतात. थांबा जरा.

एके दिवशी मला वरच्या कोर्टात नेले. उंच छत, जाड पडदे, आणि उंचावर दोन न्यायमूर्ती. थोरले पांढऱ्या केसांचे, चष्मा नाकाच्या टोकावर. त्यांच्या शेजारी दुसऱ्या न्यायमूर्ती, एक बाई, हातात पेन्सिल. शेवटच्या बाकावर धाकटी आणि काजामावशी बसल्या होत्या. त्यांना कोणी काही विचारणार नव्हते. अपिलात साक्षीदाराला सहसा पुन्हा बोलावत नाहीत, त्याने आधी सांगितलेले कागदावर वाचतात. म्हणजे बघा, खालच्या न्यायाधीशांनी माणूस पाहिला, वरचे पाहणार कागद. म्हणूनच खालच्याने माणसाबद्दल जे जोखले, ते वरच्याने सबळ कारणाशिवाय मोडू नये, असा कायद्याचा दंडक आहे. दंडक चांगला आहे. पण दंडक पाळायला माणसे लागतात.

मास्तराचा आता नवा वकील होता. नामांकित, गोड गळ्याचा. त्याने धाकटीच्या गोष्टीचे तुकडे केले आणि एकेक तुकडा चिमटीत धरून दाखवू लागला.

"साहेब, तक्रार उशिरा दिली. अंगावर मोठी जखम नाही. आरडाओरडा कोणी ऐकला नाही. पोलिसांना म्हणाली, डावा हात धरला. कोर्टात म्हणाली, उजवा. आणि सर्वांत महत्त्वाचं म्हणजे, नंतर जाऊन कॉलरी लावत बसली! कॉलरी! ज्या बाईवर असा प्रसंग आला, ती असं वागेल?"

शेवटच्या बाकावरून मावशी पुटपुटली, "मेल्या, त्या दिवसाचा पगार काय तू देणार होतास?" शिपायाने "शूऽ" केले.

मग वकिलाने मला उचलले. "आणि ही ती कडी, जी म्हणे उघडत नव्हती." त्याने मला तळहातावर ठेवले आणि करंगळीने माझा दांडा सरकवला. मी सरकले. लोण्यातून सुरी फिरावी तशी. का नाही सरकणार? दाराचे ओझे नाही, चौकटीचा दाब नाही आणि वर दर पावसाळ्याचे तेल! मित्रांनो, माझी निगा राखली गेली, म्हणून मी तिच्याविरुद्ध बोलू लागले. मला जीभ असती तर त्या करंगळीला चावले असते.

"करंगळीनं, साहेब," वकील हसून म्हणाला. "माझी नातसुद्धा उघडेल."

सरकारी वकील, जो धाकटीच्या बाजूने बोलायला उभा होता, घाईने कागद चाळत म्हणाला, "साहेब, कडी दारासकट पाहायला हवी. खालच्या कोर्टानं..."

"मग काय, दार आणायचं का इथे?" मास्तराचा वकील म्हणाला. कोर्टात हशा पिकला. थोरले न्यायमूर्तीही हसले. पुढच्या बाकावर मास्तर हसला.

धाकटी हसली नाही. त्या हशात तिचे सगळे पणाला लागलेले होते. मास्तर सुटला, तर तो निर्दोष आणि ती खोटी, गावभर, जन्मभर. तिच्या मुलीची आई खोटी. आणि ते ठरवायला वर घेतले होते मला, तेल पाजलेल्या वीतभर लोखंडाला! देवा, तुझ्या दारी असा न्याय असतो का रे?

तेवढ्यात दुसऱ्या न्यायमूर्तींनी पेन्सिल खाली ठेवली.

"वकीलसाहेब, ती कडी बाजूला ठेवा. आणि त्या बाईची साक्ष वाचा."

"साहेब, त्यातले महत्त्वाचे उतारे मी..."

"उतारे नकोत. पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत वाचा. मोठ्यानं."

आता कोर्टाची एक पद्धत ऐका. साक्षीदार जे बोलतो ते त्याच्याच तोंडी लिहितात. "तिने सांगितले" असे नव्हे, "मी सांगते" असे. त्यामुळे वाचणाऱ्यालाही "मी" असेच वाचावे लागते. तो गोड गळ्याचा वकील चष्मा लावून वाचू लागला.

"मी गणवेशाच्या कारखान्यात कामाला आहे. मला मास्तरांनी अस्तर आणायला सांगितलं. मी खोलीत गेले..."

सुरुवातीला तो भरभर वाचत होता. मग त्याची गती कमी झाली. "मी दाराशी पळाले. मी हात वर केला. माझी बोटं कडीला लागली, पण दार उचलता येईना. मी ओरडले. मला माझाच आवाज ऐकू येत नव्हता..." तो थांबला. पाण्याचा घोट घेतला.

"पुढे," न्यायमूर्ती म्हणाल्या.

त्याला सगळे वाचावे लागले. उलटतपासणीसुद्धा. "डावा की उजवा ते मला आठवत नाही. दोन्ही हात माझेच होते." कोर्टात आता कोणी हसत नव्हते. "मी मशिनवर जाऊन बसले, कारण उठून गेले असते तर सगळ्यांनी का म्हणून विचारलं असतं, आणि माझ्या तोंडून शब्द निघाला नसता. कॉलर लावायला शब्द लागत नाहीत."

वाचून संपले. वकिलाने कपाळ पुसले. तरी हार मानेल तर तो वकील कसला! "साहेब, खोलीत कापडाचे गठ्ठे होते. एखाद्या गठ्ठ्यावर ती चढू शकली असती."

थोरल्या न्यायमूर्तींनी चष्मा काढला. आता त्यांच्या चेहऱ्यावर हसू नव्हते. "म्हणजे त्या माणसानं मागून धरलेलं असताना तिनं गठ्ठा ओढत आणावा, त्यावर चढावं, दार उचलावं आणि कडी काढावी. आणि हे सगळं जमलं नाही म्हणून ती खोटी. असं म्हणायचंय तुम्हाला?"

"माझं म्हणणं फक्त शक्यतेबद्दल आहे, साहेब."

"संशयाचा फायदा आरोपीला मिळालाच पाहिजे," थोरले म्हणाले, "पण संशय पटण्यासारखा हवा. ओढूनताणून आणलेला नको. खालचे न्यायाधीश त्या दाराशी स्वतः उभे राहिले होते. त्यांना ती कडी उघडली नाही. आपण काय केलं? करंगळी फिरवली आणि हसलो. मीही हसलो."

निकाल पुढच्या तारखेला लागला. अपील फेटाळले. शिक्षा कायम. निकालात लिहिले होते, की पुरावा सुटासुटा करून नव्हे, एकत्र तोलायचा असतो. उशिरा दिलेली तक्रार म्हणजे बनवलेली तक्रार असे होत नाही. किरकोळ विसंगती ही घोकून न आणलेल्या साक्षीची खूण असू शकते. अशा गुन्ह्यात पीडितेची साक्ष विश्वासार्ह वाटली, तर तिला दुसऱ्या कशाचा टेकू लागत नाही. आणि शेवटी एक ओळ: जागेवरच्या पाहणीत कडीबद्दल जे दिसले, त्यानेही तिच्या म्हणण्याला पुष्टी मिळते.

झाले! लोकांना तेवढीच एक ओळ ऐकू आली. पोलीस मास्तराला घेऊन गेले आणि बाहेरच्या व्हरांड्यात धाकटीभोवती घोळका जमला. सरकारी वकील हात चोळत म्हणाला, "ताई, कडीनं केस वाचवली." कारकून मला कापडात गुंडाळून घेऊन निघाला होता, तो अभिमानाने म्हणाला, "मीच सांभाळली इतकी वर्षं." धाकटीचा दीर इतकी वर्षे तिच्याशी धड बोलला नव्हता, तो आज पुढे आला. म्हणाला, "वहिनी, कडी होती म्हणून बरं. नाहीतर आमचीसुद्धा खात्री पटली नसती."

काजामावशीसुद्धा भोळेपणाने हात जोडून म्हणाली, "देवासारखी धावून आली गं कडी."

धाकटीने एकेकाकडे पाहिले. मग दिराकडे. तिचा आवाज चढला नाही, पण व्हरांड्यातले सगळे थांबले.

"कडी नाही बोलली, भाऊजी," ती म्हणाली. "मी बोलले. पहिल्या दिवसापासून मीच बोलतेय."

दिराने मान खाली घातली. मावशीने जोडलेले हात सोडले आणि तिच्या खांद्यावर ठेवले. मग दोघी पायऱ्या उतरून गेल्या.

मित्रांनो, तिने सांगितले तेच खरे. मी लोखंड. मला करंगळीने सरकवले तर मी सरकते, दार दाबले तर अडकते, तेल घातले तर उलटते. जो धरेल त्याची मी. माझ्या साक्षीवर माणसाची साक्ष तोलू नका, माणसाची साक्ष आधी पूर्ण ऐका आणि मग हवे तर माझ्याकडे या. उद्या तुमच्यापैकी कोणी न्यायाधीश होईल, कोणी वकील, कोणी हवालदार, आणि बहुतेक जण कोणाचे तरी भाऊ, दीर, शेजारी व्हाल. कोणी कापऱ्या आवाजात काही सांगू लागले, तर पहिला प्रश्न गिळा. मला गंजू दिलेत तरी चालेल. मला भंगारात घाला, वितळवा, माझे खिळे करा. पण त्या बाईला पुन्हा "पुरावा काय?" असे विचारायच्या आधी, ती काय म्हणाली ते पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत, "मी" म्हणून, मोठ्याने वाचा.